कोरडा लंगोट

त्या उन्हाळ्यात नदी आटली आणि धुणेकऱ्यांच्या घरांना भांडायला दुसरं कारण शोधावं लागेना. वर वाळू, खाली वाळू, आणि मधे खडकाच्या पोटाशी एक डोह तेवढा उरलेला. सगळ्या घरांनी मिळून पाळ्या लावल्या. आज तुमची, उद्या त्यांची. पाळी चुकली तर पुढची येईपर्यंत हात चोळत बसायचं. सुरुवातीला डोकी भडकली, कुणाची बादली फुटली, कुणाचं सात पिढ्यांचं उणंदुणं निघालं. मग पाणी आणखी खाली गेलं तशी भांडायची ताकदही गेली, आणि सगळे मुकाट पाळीला लागले.

यातलं एक घर मोठ्या परटिणीचं. नवरा तरुणपणीच गेला, तेव्हापासून हिनं धोपटणं हातात धरलं ते अजून खाली ठेवलं नव्हतं. तळवे सोड्यानं पांढरे पडलेले, बोटांची पेरं फुगलेली, कंबर अशी की एकदा वाकली की सरळ व्हायला मिनतवारी करावी लागे. जिभेला मात्र कसलंही दुखणं नव्हतं. मुलगा बाजारात इस्त्रीचं दुकान चालवायचा, सून सासूबरोबर डोहावर यायची, आणि चार महिन्यांची नात झोळीत. जन्मली तेव्हा एवढीशी होती म्हणून तिला मुंगी म्हणायला लागले, आणि आता बाळसं धरलं तरी ती मुंगीच राहिली.

मोठ्या परटिणीचं एक बोलणं गावात सगळ्यांना पाठ होतं. "माणूस खोटं बोलतं, कपडा बोलत नाही." उशीच्या अभ्र्यावरून ती सांगायची की कोणत्या दुकानदारानं केस काळे करायला घेतलेत. खिशाच्या भोकावरून सांगायची की कुणाचा मुलगा चोरून विडी ओढतो. मास्तरच्या रुमालावर एकदा तांबूस ठिपका दिसला तेव्हा तिनंच त्याच्या बायकोला गाठून सांगितलं होतं, छाती दाखवून घ्या म्हणून. मास्तर वेळेत औषधाला लागला आणि वाचला. त्या दिवसापासून म्हातारी डागाबद्दल काही बोलली की लोक गुमान ऐकायचे.

घरात बोलायचं खातंही तिच्याकडेच. कुणी सुनेला विचारलं, काय गं, बरी आहेस ना, तर "बरी आहे, तिला काय धाड भरलीय" हे उत्तर सासूकडून यायचं. सून नुसती हसायची. यात सासूचा दुष्टावा नव्हता. पोर भिडस्त आहे, जगात निभाव लागायचा नाही, म्हणून आपणच पुढं व्हावं असं तिला मनापासून वाटे. आता एकटीच सारखी पुढं झाली की मागच्याला जागा उरत नाही, हे तिच्या ध्यानात आलं नव्हतं, एवढंच.

लग्नसराई भरात आली. लॉजवर वऱ्हाडं उतरत होती आणि चादरींची बोचकी परटिणीच्या दारात येऊन पडत होती. नेमकं त्यातच मुंगीचं पोट बिघडलं.

सकाळपासून धार लागली. लंगोट बदलावा तोवर पुन्हा भरलेला. मधे दूधही ओकली. घरात पाणी टँकरचं, घागरीवर झाकण ठेवून जपलेलं, ते लंगोटांतच संपायला लागलं.

"ही बया आपल्याला घागरीसकट संपवणार," लंगोट खंगाळता खंगाळता सासू म्हणाली. "आणि तू सारखी पाजतेस कशाला? वरून ओतायचं, खालून जायचं. पोटाला जरा विसावा दे."

"रडतेय ती, आई. तोंडानं शोधतेय सारखी."

"दात येताना होतं असं. चार पोरं वाढवलीत मी, चार."

सुनेनं मुंगीला खांद्यावर घेतलं आणि दिवसभर घरात येरझारा घातल्या. पाजलं, पण सासूची पाठ असेल तेव्हाच, आणि तेही चोरासारखं. दिवेलागणीनंतर केव्हातरी धार थांबली, मग रडणंही थांबलं, आणि दमलेलं घर झोपलं.

सकाळी सासूनं मुंगीच्या बुडाखाली हात घातला. कोरडं ठणठणीत. तिनं लंगोट सोडून दारातल्या उजेडात धरला, उलटा केला, सुलटा केला. ना डाग, ना ओल, ना वास. परटिणीला याहून चांगली बातमी कुठली?

"बघ! म्हटलं नव्हतं? थांबलं की नाही?"

"आई, लघवीपण नाही केली तिनं," सून हळूच म्हणाली. "रात्रभर नाही. आणि आता तोंडात घेते नि सोडून देते."

"काल गळा काढून दमलीय. झोपू दे की. आज आपली पाळी आहे, चल, ऊन डोक्यावर येईल."

हातगाडीवर चादरी लादल्या. आदल्या दिवशीच सोड्याच्या पाण्यात उकळून ठेवलेल्या, जड, गार आणि उग्र वासाच्या. सून पुढून ओढत होती, सासू मागून ढकलत होती, आणि मुंगी आईच्या छातीशी बांधलेली. एरवी गाडीच्या खडखडाटानं जागी होऊन ती टुकूटुकू बघायची. आज डोळे अर्धे मिटलेले होते आणि मान जाईल तिकडे जात होती. सासूनं ते पाहिलं आणि तिला वाटलं, किती शहाणी झालीय.

डोहाकाठी एक झाड होतं, सावलीपेक्षा फांद्याच जास्त असलेलं. त्याला झोळी टांगली आणि दोघी पाण्यात उतरल्या. पाणी पोटरीपर्यंत, वरून कढत, खालून गार. चादर पाण्यात बुडवायची, दगडावर आपटायची, धोपटण्यानं बडवायची, पुन्हा बुडवायची, मग दोन टोकांना दोघींनी धरून उलट्या दिशेनं पीळ घालायचा. पिळून काढलेलं पाणी पुन्हा डोहातच पडेल असं उभं राहायचं, कारण यंदा थेंबसुद्धा वाळूला द्यायची सोय नव्हती. थोड्याच वेळात खांदे भरून आले आणि मानेवर मीठ साचलं.

उद्याची पाळी ज्या घराची, त्या घरची बाई काठावर येऊन बसलीच होती, डोहावर पहारा द्यायला. तिचा आवाज वाळूच्या पलीकडच्या अंगाला ऐकू जाई, म्हणून तिला सगळे तोफ म्हणत. तिच्याबरोबर आणखी दोघी-तिघी होत्या.

"आमच्यासाठी ठेव गं थोडं," तोफ ओरडली. "का आम्ही चिखलात धुवायचं?"

"तुझ्या घरच्या कपड्यांना चिखलानंच जरा उजाळा येईल!" सासूनं तिथूनच परतवलं, आणि काठावर हशा पिकला.

तेवढ्यात सून पुन्हा झोळीकडे गेली. हे तिचं सकाळपासून चाललं होतं. जायची, झोळीत डोकावायची, छातीशी धरायची, पुन्हा ठेवायची.

"किती खेपा? चादरी काय आपोआप पिळल्या जाणार आहेत?"

सून परत आली ती रिकाम्या हातानं उभीच राहिली. "आई, अजून ओली नाही झाली ती. हातपाय गार लागतायत एवढ्या उन्हात. मला काही ठीक वाटत नाही. दवाखान्यात नेऊ या का?"

सासूनं काठावरच्या बायकांकडे पाहिलं. ऐकणारं कुणी असलं की तिच्या जिभेला चेव चढायचा, हा तिचा जुना रोग.

"ऐकलंत का गं? लोक पोट फुटलं म्हणून दवाखान्यात जातात. आमची राणी लंगोट कोरडा राहिला म्हणून निघालीय! अगं, परटाच्या घरात कोरडा लंगोट म्हणजे नशीब!"

बायका खदखदून हसल्या. तोफ सगळ्यांत मोठ्यानं हसली. सूनही हसली, हसायला हवं म्हणून, आणि तिनं वाकून चादरीचं टोक उचललं. तिचे कान लाल झाले होते.

दोघींनी चादर ताणली. समोरासमोर उभ्या, मधे पांढरं लांब कापड. सासू उजवीकडे पीळ घालत होती, सून डावीकडे. ऊन सुनेच्या अंगावर समोरून पडलं होतं. आणि सासूची नजर, सवयीनं, तिच्या कपड्यावर गेली.

ब्लाउजवर पुढे ओलसर गोल होते. दोन. पाणी उडालं असेल, असं तिच्या मनात आलं आणि हातातला पीळ चालूच राहिला. पण या उन्हात पाण्याचा शिंतोडा टिकतो किती? आणि पाणी वाळलं की नुसतं वाळतं. हे गोल वाळून कडक झाले होते, त्यांना पिवळट कड आली होती, आणि त्या वाळलेल्या कडेच्या आत पुन्हा ताजी ओल पसरत होती. दूध होतं ते. एकदा भरून आलं, वाहून गेलं, वाळलं. पुन्हा भरून आलं. आणि ते प्यायला कुणी नव्हतं.

परटिणीच्या हातातून चादर सुटली आणि वाळूत पडली.

"आई?"

परटीण झोळीकडे धावली. धावली म्हणजे कमरेवर हात दाबून, ठेचकाळत, जमेल तशी. मुंगीला उचलून तिनं उजेडात धरलं, सकाळी लंगोट धरला होता तसं. डोळे खोल गेले होते. टाळूवर बोट ठेवलं तर तिथं खळगा. ओठ वाळून पापुद्रा आलेला. तिनं पायाच्या तळव्याला चिमटा काढला. पोरगी रडायला तोंड उघडून थांबली, चिरका बारीक आवाज निघाला, आणि डोळ्यांत पाण्याचा टिपूस नाही. मग तिनं पोटाची कातडी दोन बोटांत धरून सोडली. ती चटकन सपाट व्हायला हवी. चुणी तशीच उभी राहिली आणि सावकाश, अगदी सावकाश खाली बसली.

"अगं माझे आई," परटीण म्हणाली. "हिच्या अंगात काही उरलंच नाही."

सुनेनं तिच्या हातातून पोर घेतली आणि छातीशी धरली. सासूकडे तिनं बघितलंसुद्धा नाही. पायात चपला नव्हत्या, तशीच ती रस्त्याकडे निघाली.

नेमका तेव्हाच लॉजचा मॅनेजर मोटारसायकलवरून आला. अंगात परीटघडीचा पांढरा शर्ट, याच घरी धुतलेला. वाळूत पडलेली चादर पाहून त्यानं गाडीवरूनच तोंड सोडलं.

"हे काय चाललंय? पाहुणे दारात आलेत आणि तुम्ही चादरी मातीत लोळवताय? जमत नसेल तर सांगा, दुसरीकडे टाकतो!"

"चादरी गेल्या खड्ड्यात," परटीण म्हणाली. "हिला बसवा मागं. दवाखान्यात न्या. पोर जायला लागलीय."

"मी? अहो, मला पाहुण्यांत वावरायचंय. अंगावर ओकलीबिकली म्हणजे?"

"तुमचा शर्ट धुतं कोण? मीच ना? मग मीच धुईन! जन्मभर धुईन! बसवा तिला!"

तिचा आवाज फाटला होता. मॅनेजरनं एकदा सुनेच्या छातीशी असलेलं ते निपचित बोचकं पाहिलं, आणि त्याचा चेहरा उतरला. त्यानं गाडी वळवली, सून मागे बसली, आणि दोघं धुळीत दिसेनासे झाले.

काठावर आता कुणी हसत नव्हतं. परटीण चादरींकडे बघत उभी राहिली, कारण पाय कुठं टाकायचे तेच तिला कळेना. तोफेनं पदर खोचला आणि ती पाण्यात उतरली.

"बघत काय राहिलीस? जा की! चादरी मी काढते."

"पाळी..."

"पाळी घाल चुलीत. पळ!"

दवाखाना बाजाराच्या टोकाला होता. रस्ता सगळा उघडा, डांबर मऊ होऊन चपलेला चिकटणारं. परटीण चालत होती, दम लागला की कंबरेवर हात ठेवून थांबत होती, पुन्हा चालत होती. ओलं लुगडं पायांत अडकत होतं आणि मग वाळून खरखरायला लागलं. सुनेनं सकाळी सांगितलं. मग डोहावर सांगितलं. तिनं ऐकलं नव्हतं. डागाचं ऐकलं, आणि पोटच्या पोरीसारख्या सुनेचं नाही. शिवाय पाजू नको असंही आपणच सांगितलं होतं. हे आठवलं तसं तिला रस्त्यातच खाली बसावंसं वाटलं.

पण त्याहून मोठी भीती वेगळीच होती. दवाखान्यात ही गर्दी असणार. कुणीतरी म्हणणार, नंबरानं बसा. आणि सून बसणार. बाकाच्या शेवटच्या टोकाला, मान खाली घालून, पोर मांडीवर घेऊन, कुणाला मधे बोललं तर राग येईल म्हणून गप्प. तिला गप्प राहायला शिकवलं कुणी? मीच. देवा, कुणीतरी तिला विचारू दे. कुणीतरी विचारू दे की बाई गं, तुझ्या पोरीला काय झालंय.

दवाखान्याचा व्हरांडा माणसांनी भरलेला होता. परटिणीनं एकेक बाक धुंडाळला. सून नव्हती. शेवटच्या टोकालाही नव्हती. उशीर झाला, परत निघाली असेल, रिकामी निघाली असेल.

"माझी सून," ती दारातल्या सिस्टरला म्हणाली. "चार महिन्यांची पोर... अनवाणी..."

"ती होय?" सिस्टरनं कपाळावर हात मारला. "तुमची सून का ती? अहो, काय बाई आहे! मी म्हटलं नंबर लावा, तर मला बाजूला ढकलून आत शिरली. डॉक्टरबाईंच्या टेबलावरचे कागद सारून पोर तिथंच ठेवली आणि म्हणाली, आधी हिला बघा. ओरडली म्हणजे काय, बाहेरचे सगळे उभे राहिले!"

"माझी सून?" परटीण पुन्हा म्हणाली.

आतल्या खोलीत मुंगी पलंगावर होती. एवढ्याशा हाताला फळी बांधून सुई लावलेली, वर बाटली टांगलेली. डॉक्टरबाई वाकून छातीला नळी लावत होत्या. सून उशाशी उभी होती, केस सुटलेले, आणि तिच्या चेहऱ्यावर असं काहीतरी होतं की सासू दाराशीच थबकली.

"शेवटची लघवी कधी केली हिनं?" डॉक्टरबाईंनी विचारलं.

"रात्री केली असेल," परटीण सवयीनं बोलून गेली.

"नाही," सून म्हणाली. "काल दिवेलागणीच्या आधी. त्यानंतर एकदाही नाही. सकाळपासून दूध नाही. काल दोनदा ओकली. रात्री जुलाब थांबले."

डॉक्टरबाईंनी मान हलवली. "थांबले नाहीत. जायला अंगात पाणीच राहिलं नव्हतं. लंगोट सहा तास कोरडा, पोर दूध घेईना, अशी मलूल पडलेली, टाळू खोल गेलेली. यातलं एकही दिसलं तरी थांबायचं नाही. आणि जुलाब होताना पाजणं थांबवायचं नाही, उलट जास्त पाजायचं. संध्याकाळपर्यंत वाट बघितली असतीत तर..." त्यांनी वाक्य पुरं केलं नाही. "कुणाच्या लक्षात आलं?"

खोलीत बाटलीतल्या थेंबांकडे बघत परटीण उभी होती. खोटं बोलायला तिला कुणी सांगितलं नव्हतं, आणि खरं तर गप्प बसलं असतं तरी चाललं असतं.

"हिच्या," ती म्हणाली. "सकाळीच आलं होतं. मी हसले हिला. सगळ्या बायकांसमोर हसले." आणि मग पांढऱ्या पडलेल्या तळव्यांत तोंड लपवून ती रडायला लागली.

सुनेनं तिला गप्प राहा म्हटलं नाही, की जवळही घेतलं नाही. तिचं सगळं लक्ष पोरीवर होतं. पण थोड्या वेळानं तिनं पायानं एक स्टूल सासूकडे सरकवलं.

दुपार तशीच गेली. मुलगा दुकान टाकून आला, हाताला कोळशाची काजळी तशीच, आणि भिंतीला टेकून उभा राहिला. मॅनेजरनं त्याला कळवलं होतं. एक बाटली संपली, दुसरी लागली. डॉक्टरबाई येऊन बघून गेल्या. म्हणाल्या, लघवी झाली की लगेच सांगा, तोवर माझ्याही जिवाला घोर आहे. सुनेनं मधे मधे छातीशी धरून पाहिलं. पहिल्यांदा मुंगीनं नुसते ओठ लावले. नंतर दोन घोट घेतले. नंतर ओढल्याचा बारीक आवाज खोलीत स्पष्ट ऐकू यायला लागला.

उन्हं कलली तशी सुनेची मान डुलायला लागली. "दे इकडं," सासू म्हणाली, आणि सुईचा हात सांभाळत तिनं नातीला मांडीवर घेतलं. सून भिंतीला डोकं टेकून बसली. मुंगीनं डोळे उघडले, आजीच्या तोंडाकडे जरा वेळ रोखून बघितलं, आणि कपाळाला आठ्या घातल्या.

मग परटिणीच्या मांडीला ऊब लागली. आधी एवढीशी, मग पसरत गेली, लंगोटातून, लुगड्यातून, थेट कातडीपर्यंत. ती दगडासारखी बसून राहिली. हलले तर थांबेल, अशी वेडी भीती तिला वाटली. आयुष्यभर तिनं ओल कपड्यातून पिळून काढली होती, आणि आता ती मनातल्या मनात म्हणत होती, येऊ दे, आणखी येऊ दे, माझे बाई, सगळं भिजव.

डॉक्टरबाई दारात आल्या. "काय? झालं का काही?"

परटिणीचं तोंड उघडलं. आख्ख्या दवाखान्याला ऐकू जाईल असं ओरडावं, असं तिच्या गळ्याशी आलं होतं. तिनं ते गिळलं. सुनेचा हात धरून ओढला आणि आपल्या ओल्या मांडीवर ठेवला.

"तू सांग," ती म्हणाली.